मी काढून टाकलेल्या सामायिक फाइली

चूक माझी होती, हे आधीच लिहून टाकते. आम्ही पत्रकं लिहिणारी माणसं असं सहसा लिहीत नाही. आमच्या पत्रकात चूक कायम समोरच्याची असते, ती ठळक टायपात असते आणि तिच्यापुढं तीन उद्गारचिन्हं असतात. पण इथं समोर कुणी नव्हतंच. मी होते, एक जुना संगणक होता आणि त्यानं मला अगदी नम्रपणे विचारलेला एक प्रश्न होता.

लातुरात आम्ही मुलींच्या एका वसतिगृहासाठी भांडत होतो. ‘वापरात नसल्याने बंद करण्यात येत आहे’ असं पत्र खात्याच्या साहेबांच्या सहीनं निघालं होतं. पटावर सात नावं होती, राहत होत्या बावीस. दोन वर्षं प्रवेशाची यादी वरून मंजूर होऊन आलीच नव्हती, म्हणून अधीक्षक बाईंनी बाकीच्या मुलींना तोंडी परवानगीवर ठेवून घेतलं होतं. म्हणजे यादी यांनीच अडवायची आणि यादीत नाव नाही, तर मुलगीच नाही, असंही यांनीच म्हणायचं! आज लिहितानाही माझं डोकं तापतं.

त्या बावीस जणींत उदगीरकडच्या एका खेड्यातली मुलगी होती, नर्सिंगच्या दुसऱ्या वर्षाला. तिच्या वडिलांनी सरळ सांगितलं होतं, वसतिगृह असेल तर शिक, नसेल तर घरी ये. शहरात खोली करून राहायचं नाव काढायचं नाही. घरी आल्यावर पुढं काय होतं ते तिला माहीत होतं, मलाही. पाहुणे एकदा येऊन गेलेच होते.

सुनावणी सोमवारी त्याच साहेबांपुढं होती. मुलींचे जबाब सादर करायचे होते आणि ते टाइप केले होते सरांनी. सर म्हणजे आयुष्यभर टायपिंगचे क्लास घेतलेले, आता निवृत्त. त्यांच्या घरातली पुढची खोली आणि त्यांचा संगणक आम्ही कचेरीसारखा वापरत असू. त्यांची एक पद्धत होती. मुलगी समोर बसायची आणि बोलायची. सर खिडकीबाहेर बघत बसायचे आणि बोटं आपोआप चालायची. मधे वही नाही, पेन नाही. मी पेन काढून समोर बसले की ज्या मुली “काही नाही ताई, सगळं ठीक आहे” म्हणायच्या, त्याच सरांपुढं तासतासभर बोलल्या. आंघोळीचं पाणी, बसस्टँडवरची पोरं, घरचे फोन, सगळं. मग सुट्टी लागली आणि मुली भोकर, मुखेड, उदगीरकडं आपापल्या गावी गेल्या. जबाब फक्त त्या संगणकात राहिले, जुन्या मराठी टायपात, एका जुन्या सॉफ्टवेअरमध्ये. दुसरीकडं उघडले की नुसत्या आडव्यातिडव्या खुणा दिसायच्या.

शनिवारी सकाळी मी छपाईची तयारी करायला बसले. मशीन लई हळू चालत होतं. आणि मला हळू चालणाऱ्या गोष्टींचा राग येतो. सर बाजारात गेले होते. मी साफसफाई काढली. कुणी कधी न उघडलेली इंग्रजी-मराठी शब्दकोशाची एक सीडी कधीकाळी त्यात भरलेली होती. म्हटलं, ही आधी जाऊ दे.

जाता जाता तिनं एक चौकट वर आणली. अमुक नावाची ही सामायिक फाइल आता कोणताही प्रोग्राम वापरत नाही, काढून टाकायची का? खाली तीन बटणं होती. होय. सगळ्यांना होय. नाही.

फाइलीचं नाव म्हणजे चार अक्षरं, दोन आकडे आणि शेपटीला डीएलएल. तारीख जुनी. मी तिच्याकडं ज्या नजरेनं बघितलं ती नजर मला ओळखीची आहे. काम नाही, धाम नाही, जागा अडवून बसलीय, कुणाच्या तरी वशिल्यानं आली असणार. अशांवर मी किती पत्रकं लिहिलीत! मी ‘सगळ्यांना होय’ दाबलं. दाबताना बरंसुद्धा वाटलं.

नंतर जबाब उघडायला गेले तर टाइपचं सॉफ्टवेअर उघडेना. अमुक फाइल सापडत नाही, प्रोग्राम पुन्हा बसवा, एवढंच म्हणत राहिलं. मी चूक सुधारायला इंटरनेटवर गेले आणि ती फाइल फुकट देणाऱ्या कुठल्याशा साइटवरून उतरवून घेतली. तेव्हापासून पडद्याच्या कोपऱ्यात जुगाराच्या जाहिराती नाचायला लागल्या. सॉफ्टवेअर बंद ते बंदच.

सर पिशवी घेऊन परत आले. मी उभी राहिले आणि सगळं सांगितलं. वाटलं होतं ओरडतील. ओरडले असते तर मी उलट भांडले असते, तेवढं मला जमतं. ते खुर्चीवर बसले, जुगाराच्या जाहिरातीकडं बघितलं आणि म्हणाले, “यातली बाई मात्र रोजच्या ओळखीची असल्यासारखी हसलालीय.” मग म्हणाले, “मशीन बंद कर. आता अजून काही दाबू नकोस. नांदेडला फोन लाव.”

नांदेडला म्हणजे डीटीपीवाल्या काकांना. सरांच्या मशीनवर सॉफ्टवेअर त्यांनीच भरून दिलं होतं. माझी त्यांची ओळख वेगळी होती. कॉलेजात असताना मी त्यांच्याकडं एक पत्रक छापायला नेलं होतं आणि खाली छापणाऱ्याचं नाव टाकल्याशिवाय ते छापायला तयार होईनात. मी भर दुकानात त्यांना डरपोक म्हणाले होते. आवाज ओळखल्याबरोबर ते म्हणाले, “बोला ताई. डरपोक माणसाकडं काय काम काढलंव?”

मी सांगितलं. 

“किती फाइली काढल्याव?”

“सगळ्या.”

“सगळ्या म्हणजे?”

“सगळ्यांना होय म्हणाले.”

“अरे बापरे. आयुष्यात कुणाला एकदा होय म्हणालाव, ते बी हितं का?” मग जुगाराचं ऐकल्यावर मात्र त्यांचा आवाज चढला. “रस्त्यात पडलेली गोळी उचलून तोंडात टाकता का तुम्ही? न्हाई ना? मग ही कशी टाकली मशीनच्या तोंडात?”

त्यांच्याकडं त्या सॉफ्टवेअरची मूळ सीडी होती. पण त्यांची मशीनं आता सगळी नवी, त्यात सीडी घालायला जागाच नाही आणि ते जुनं सॉफ्टवेअर त्यांच्यावर चालतही नाही. सरांच्या मशीनच्या डब्यात सीडीची जागा होती. म्हणून रविवारी सकाळी मी सीपीयू चादरीत गुंडाळला आणि नांदेडची एसटी धरली. कंडक्टर म्हणाला, “ह्याला काय झालंय?” म्हटलं, “आजारी आहे.” तो म्हणाला, “मग खिडकीकडं बसवा, वकलं-बिकलं तर.” अहमदपूर गेलं, लोहा गेलं, मी ते ओझं मांडीवरून खाली ठेवलं नाही. बावीस जणी होत्या त्यात.

काकांनी सुट्टीच्या दिवशी दुकान उघडलं होतं. आधी त्यांनी सगळे जबाब पेनड्राइव्हवर काढून घेतले, “हे पयलं करायचं असतंय,” म्हणाले. मग माझी इंटरनेटवरची गोळी बाहेर काढली. मग सीडी घातली. पडद्यावरची पट्टी भरत होती तेव्हा मी विचारलं, “काका, पण मशीनच म्हणालं ना, ही फाइल कुणी वापरत नाही? खोटं का बोललं?”

“खोटं न्हाई बोललं. त्याला जेवढं माहीत, तेवढं बोललं.” त्यांनी चहाचा कप बाजूला सरकवला. “हे बघा. काही फाइली एकट्या कुणाच्या नसतात. चार सॉफ्टवेअरं मिळून एकच वापरतात. मग मशीन त्या फाइलीपुढं आकडा ठेवतं, किती जण वापरून राहिले म्हणून. सॉफ्टवेअर रीतसर बसवलं की आकडा एकानं वाढतो, काढलं की एकानं उतरतो. शून्य झाला की मशीन विचारतं, काढू का? आता तुमच्या सरांचं सॉफ्टवेअर मी रीतसर बसवलंच नव्हतं. घाईत नुसता फोल्डर उचलून टाकला. त्या शब्दकोशानं आणलेल्या फाइली आयत्या होत्या, त्यांच्यावर ते इतकी वर्षं चाललं. पण त्याची नोंद कुठंच न्हाई. तर चूक निम्मी माझी बी हाय.”

“म्हणजे ते राहत होतं, पण पटावर नव्हतं.”

“हाव.”

  ज्या साहेबाला मी दोन महिने शिव्या घालत होते, त्याच्यासारखंच मी केलं होतं. आकडा शून्य दिसला आणि मी ‘सगळ्यांना होय’ दाबलं. त्याच्या हातात सही होती, माझ्या हातात माउस.

सॉफ्टवेअर उघडलं. काकांनी पहिलाच जबाब उघडला तो उदगीरच्या मुलीचा. ‘खोली गेली तर मला परत येता येणार नाही,’ हे तिचं वाक्य पडद्यावर नीट, काना-मात्रेसकट उभं होतं. काका वाचत राहिले. मग न विचारता प्रिंटरमध्ये कागद घातले, बावीस जबाबांच्या तीन तीन प्रती काढल्या आणि म्हणाले, “ह्याच्यावर कुणाचं नाव टाकायची गरज न्हाई. पोरींचंच हाय की.” मी त्यांची माफी मागितली, त्या जुन्या शब्दाबद्दलही. “ऱ्हाऊ द्या,” म्हणाले, “तसा मी हायच थोडा डरपोक.”

सोमवारी मी तयार केलेलं भाषण केलं नाही. चांगलं होतं, उद्गारचिन्हांनी भरलेलं. त्याऐवजी साहेबांना शनिवारी मी काय केलं ते सांगितलं. माझी फजिती ऐकून ते मोकळं हसले. मी म्हणाले, “तुमचा पट खोटं बोलत नाही साहेब. यादीतून जे आलं, तेवढंच तो मोजतो. बाकीच्या पंधरा जणी यादीतून आल्या नाहीत, कारण तुमच्याकडून यादीच आली नाही. त्या कुठं राहतात, ते यात लिहिलंय.” हसू थांबलं. त्यांनी पहिला जबाब वाचला, मग दुसरा. सगळे वाचले नाहीत, हेही मला लिहिलं पाहिजे. पण आदेश दिला: सुट्टीनंतर प्रत्यक्ष जाऊन मोजणी करावी, तोपर्यंत वसतिगृह बंद करू नये, सध्या राहणाऱ्या मुलींना राहू द्यावे. हा माणूस एका दिवसात चांगला झाला असं मी मानत नाही. तरी त्या दिवशी त्यानं वाचलं, म्हणून आभार.

बाहेर पायऱ्यांवर येऊन मी उदगीरच्या मुलीला फोन लावला. उचलला वडिलांनी. मी भराभर सांगायला लागले, न्याय, हक्क, विजय. ते म्हणाले, “ताई, लेखी हाय का?”

बरोबर आलेल्या सरांनी फोन घेतला. कागद डोळ्यांजवळ धरला आणि सावकाश, प्रत्येक शब्द वेगळा करून, टायपिंगच्या क्लासात मजकूर सांगावा तसा आदेश वाचून दाखवला. जावक क्रमांकासकट. सही कुणाची, शिक्का कुठं, तेही सांगितलं.

 मग वडील म्हणाले, “सुट्टी संपली की सकाळच्या गाडीनं पाठवू का दुपारच्या?”

“सकाळच्या,” सर म्हणाले. “म्हणजे उजेडात पोचंल.”