काळा रस्सा

सिंगापूरला आम्ही तिघी नर्स एका खोलीत राहत होतो. मी कोल्हापूरची, मारिबेल आणि टेसा फिलिपिन्सच्या. मला तिथे येऊन महिना झाला असेल. एका रविवारी गॅसवर डुकराच्या मटणाचा रस्सा शिजत होता, डांबरासारखा काळा आणि आंबूस वासाचा. "काय गं हे?" मी विचारलं.

"चॉकलेट," मारिबेल म्हणाली. टेसा खिडकीबाहेर बघू लागली.

मटणात चॉकलेट? मग दोघी आपल्या भाषेत भांडू लागल्या. विषय माझाच असणार, असं मला वाटलं. खरं तर, हे मला नंतर कळलं, मारिबेलला रस्सा त्यांच्या देशाच्या उत्तरेकडच्यासारखा आटवून सुका हवा होता आणि टेसाच्या गावाकडे त्यात नारळाचं दूध घालतात.

"खरं सांगा, यात काय आहे?"

"डुकराचं रक्त," टेसा हळूच म्हणाली. "तुझ्याआधीची मुलगी हे कळल्यावर खोली सोडून गेली."

परक्या माणसापासून आपण आधी घरचं जेवणच लपवतो की काय! आमच्याकडे बकऱ्याचं रक्त शिजवून रक्ती करतात, हे मीही त्यांना सांगितलं नव्हतं. आता सांगितलं आणि ताट पुढे केलं.

मारिबेलने वाढलं, पण डोळे बारीक करून. "खरंच करता? की आम्हाला बरं वाटावं म्हणून म्हणतेस?"

मी घास घेतला. ती बघत राहिली. मी ताट चाटूनपुसून संपवलं, तेव्हा कुठे ती जेवायला बसली.