मुद्देमालावरचं कुंकू

माझा युवराज सावद्याहून केळी वाहतो. चोरीच्या पाइपांच्या गुन्ह्यात त्याचं नाव आलं आणि पोलिसांनी त्याचा टेम्पो जप्त केला. खटला उभा राहायला वर्षं लागतील, तोवर टेम्पो तरी द्या, असा अर्ज आम्ही कोर्टात केला. मध्येच दसरा आला. मला राहवलं नाही. पोलीस ठाण्याच्या आवारात जाऊन मी टेम्पोला कुंकू लावलं, झेंडूची माळ घातली.

सुनावणीत सरकारी वकील म्हणाले, "आरोपीच्या आईनं मुद्देमालाशी छेडछाड केली आहे. टेम्पो सोडू नये."

 युवराज कानाशी पुटपुटला, "आई, तू बी.ए. शिकेल शे ना? तरी असं कसं करं?"

"टेम्पोवरचं काय पुसलंत तुम्ही?" न्यायाधीशांनी मला विचारलं.

"काहीच नाही, साहेब. फक्त लावलं."

त्यांनी जप्तीच्या वेळचे फोटो मागवून ताडून पाहिले. कुंकू आणि माळ सोडली तर फरक नव्हता. टेम्पो सुटला, पण निकालापर्यंत त्यात काडीचाही बदल करायचा नाही, या अटीवर.

आता युवराज टेम्पो धुतो तेव्हा काचेखालच्या कुंकवाला पाणी लागू देत नाही. मीही रोज बघते, फिकट तर झालं नाही ना.