शाई न लागलेले आकडे

डॉक्टरीणबाईंनी स्टेटमेंट माझ्या टेबलावर पसरलं आणि एका ओळीवर बोट ठेवलं. "हे अकराशे ऐंशी माझे नाहीत."

ऐंशीचं दशक संपत आलं होतं. मी हुबळीच्या एका बँकेत क्रेडिट कार्डचं टेबल सांभाळत होते. अख्ख्या शाखेत कार्डवाली गिऱ्हाइकं मोजकीच, त्यातही डॉक्टरच जास्त. महिनाभरात कार्डावर काय खर्च झाला ते मुंबईहून छापून यायचं, ते स्टेटमेंट. या बाईंचा दवाखाना देशपांडे नगरात. बोलायला स्पष्ट, हिशेबाला चोख. त्या ओळीत कुठल्याशा ट्रेडिंग कंपनीचं नाव होतं. ते त्यांनी कधी ऐकलं नव्हतं, मीही नाही.

"कार्ड कुठं असतं?" मी विचारलं.

"दवाखान्याच्या ड्रॉवरमध्ये. एक किल्ली माझ्याकडे, एक कांबळेकडे."

कांबळे त्यांचे कंपाउंडर. अळणावरकडच्या खेड्यातले, बावीस वर्षं त्यांच्याकडे कामाला. दोन मुली विद्यानगरला कॉलेजात शिकत होत्या. माझ्या मनात चोर ठरून गेला होता. पगार बेताचा, किल्ली हातात, आणखी काय हवं? माझा न्याय तेव्हा असा झटपट असायचा.

लेखी तक्रार घेतली. अशा वेळी बँक दुकानातली चार्ज स्लिप मागवते. तेव्हा दुकानात एक छोटं लोखंडी यंत्र असायचं. त्यात कार्ड ठेवायचं, वर तीन पानी स्लिप, पानांमध्ये कार्बन. वरून रूळ खर्रकन ओढला की कार्डावरचे उठावाचे आकडे कागदावर उमटायचे. मग दुकानदार रक्कम लिहिणार, गिऱ्हाईक सही करणार.

पाच आठवड्यांनी स्लिप आली आणि प्रकरण आणखी बिघडलं. नंबर बाईंचाच, ठळक. सही मात्र दुसऱ्याची, नुसतं इंग्रजी फरकाटं. पत्ता धारवाडचा, सुभाष रोड.

"अहो, हे तर शेट्टर अण्णांचं साडीचं दुकान," बाई म्हणाल्या. कागदोपत्री ट्रेडिंग कंपनी, पण गाव ओळखणार मालकाच्या नावानं. आमच्याकडे पाटी वाचतो कोण? "मी गेले होते तिथं. पण मोठ्या रकमेला बँकेची परवानगी लागते म्हणून अण्णांनी फोन लावला, लाइनच मिळाली नाही. मग मी चेक दिला, नाव अण्णांनीच घातलं." स्लिप माझ्याकडे परत सरकवत त्या म्हणाल्या, "पिशव्या धरायला कांबळे होता बरोबर."

म्हणजे दुकान माहीत, कार्ड कसं चालतं तेही बघितलेलं. आमचे मॅनेजरसाहेब म्हणाले, पोलिसात द्या. बाई म्हणाल्या, "सोमवारी त्याला कामावरून काढते. पोलिसांचं मग बघू."

दुसऱ्या दिवशी कांबळे स्वतः बँकेत आले. माझ्या टेबलासमोर उभेच राहिले. "बाई, ती सही माझी नव्हे. मी मराठीत सही करतो."

"इंग्रजीत रेघोट्या ओढायला काय लागतं?" मी म्हणाले. हे वाक्य मला अजून टोचतं.

ते चिडले नाहीत. "बावीस वर्षं ती किल्ली माझ्याकडं आहे," म्हणाले. "मुलींना काय सांगू तेवढं सांगा." ते निघून गेले.

मुंबईच्या कार्ड ऑफिसला ट्रंक कॉल करायचा होता, म्हणून स्लिप घेऊन मी टेलिफोन ऑपरेटरच्या खोलीत गेले. आमचा ऑपरेटर भीमाप्पा जन्मापासून आंधळा, आकडे शाळेत लाकडी ठशांवर चाचपून शिकलेला. मी स्लिप त्याच्या बोर्डापुढं ठेवली. ती बाजूला सारताना त्याची बोटं थांबली. त्यानं ती परत पुढं ओढली.

"अक्का, ह्याच्यावर कार्डं दोन आहेत की."

"एकच नंबर आहे, भीमाप्पा. मी बघितलाय."

"तुम्ही शाई बघितलीत. हात लावून बघा."

मी लावला. मला नुसता खडबडीत कागद लागला. तो म्हणाला, "एक ओळ वर आहे, दुसरी जरा सरकून खाली. लिहून घ्या." आणि सावकाश आकडे सांगू लागला. पहिला नंबर बाईंचा, बरोबर. दुसरा कुणाचा तरी. एका ठिकाणी अडला. "हा तीन असंल नाहीतर आठ. खोटं कशाला सांगू?"

साहेबांना पटेना. त्यांनी आमच्या नमुन्याच्या यंत्रावर स्टाफमधल्या दोघांची कार्डं एकाच कागदावर, कार्बन न घालता दाबून आणली. कागद कोरा दिसत होता. भीमाप्पानं दोन्ही नंबर म्हणून दाखवले. साहेबांनी लगेच मुंबईला फोन लावायला सांगितला. सहा वर्षं मी त्या खोलीत जात होते आणि "मुंबई लाव" यापलीकडे त्या माणसाशी बोलले नव्हते.

मुंबईनं रजिस्टर बघून सांगितलं, तीन धरला तर असं कार्डच नाही. आठ धरला तर धारवाडचे एक प्राध्यापक. ते शनिवारी आले. सही त्यांचीच. म्हणाले, "स्टेटमेंटमध्ये ते पैसे आले नाहीत. वाटलं, पुढच्या महिन्यात येतील."

"तीन महिने वाटत होतं?" मी विचारलं. ते पंख्याकडे बघत राहिले.

शेट्टर अण्णांना बोलावलं. बाईंची स्लिप रुळाखालून गेली होती, पण रक्कम आणि सही व्हायच्या आधीच राहिली होती. ती फाडून टाकायची असते. अण्णांनी ती ठेवली. वर तिच्यातला नवा कार्बन काढून स्वतःच्या बिलबुकात घातला आणि स्लिपमध्ये झिजलेला सरकवला. त्याच स्लिपवर प्राध्यापकांचं कार्ड दाबलं. बॉलपेननं लिहिलेलं उमटलं, रुळाचं उमटलं नाही, नुसता दाब राहिला.

"चांगला कागद फुकट कशाला घालवायचा?" अण्णा म्हणाले. "नंबर दिसत होता की ठळक."

बाईंच्या नावावरची ती रक्कम रद्द झाली. सोमवारपर्यंत त्या थांबल्या नाहीत, रविवारीच कांबळेंच्या घरी जाऊन आल्या. मीही नंतर दवाखान्यात जाऊन त्यांची माफी मागितली. "असू द्या," एवढंच म्हणाले ते. कामावर ते आले, पण पहिल्याच दिवशी ड्रॉवरची किल्ली त्यांनी बाईंच्या टेबलावर ठेवली. बाईंनी कितीदा तरी परत दिली, त्यांनी घेतली नाही. रिटायर होईपर्यंत ड्रॉवरमधलं काही लागलं की दारात उभं राहून किल्ली मागायचे.

त्यानंतर तक्रारीची प्रत्येक स्लिप मी डोळे मिटून चाचपून बघायची. मला कधी एक आकडासुद्धा लागला नाही. मग ती भीमाप्पाकडे नेऊन द्यायची आणि त्याचं वाचून होईपर्यंत तोंड बंद ठेवायची.