धाकट्या भावाचा हात

"काका, हा उजवीकडचा उडवा," इरफान म्हणाला. "आणि आजोबांच्या कोटावरचा बिल्लाही."

माझं काम जुने फोटो दुरुस्त करायचं. पनवेल ते खारघर कोणालाही विचारा, मी दुरुस्त केलेले पूर्वज फ्रेममधून उठून चहा मागतात.

हा फोटो फाळणीच्या आधीचा. दोन सख्खे भाऊ, उजवीकडच्या धाकट्याचा हात मोठ्याच्या खांद्यावर. मोहल्ल्याच्या नव्या हॉलमध्ये 'आपले देशभक्त' म्हणून लावायचा होता.

स्कॅन मोठा केला आणि बिल्ला स्पष्ट झाला. मुसलमानांना वेगळा देश हवा म्हणणाऱ्या पक्षाचा. मोठा भाऊ, म्हणजे इरफानचे आजोबा, त्यासाठी असे गरजायचे की शिरढोणचे कावळे उडायचे म्हणे. धाकटा 'देश तोडू नका' सांगणाऱ्या मौलानांच्या बाजूचा. दोघांचं एका ताटात जेवताना भांडण. मग फाळणी झाली. मोठ्याचं दुकान पनवेलात, तो राहिला. धाकटा आधीपासूनच कराचीच्या गोदीत नोकरीला. मधे सरहद्द आली. तो तिकडेच अडकला, तिकडेच गेला.

"अरे, देश एक ठेवा म्हणणारा हाच ना?" मी म्हटलं.

"माहितीय, काका. पण लोक विचारणार, वारला कुठे? कराची म्हटल्यावर पुढचं कोण ऐकतं? उद्या कोणी फोटो मोबाइलवर फिरवला, तर घर कोणाचं जळेल?"



सोबत जैबुनफुफी होती, धाकट्याची मुलगी, इरफानची चुलत आत्या. आईबरोबर इथेच राहिलेली. "अब्बा आजवर कुठल्या भिंतीवर लागला नाय," ती म्हणाली. "भावाच्या बाजूला एकदा लागू दे."

"फुफी, हॉलच्या कमिटीचं ठरलंय," इरफान जमिनीकडे बघत म्हणाला.

माणूस पुसणं सोपं. खांद्यावरचा हात अवघड. त्याखालचा कोट कॅमेऱ्याने पाहिलेलाच नसतो. दुसऱ्या खांद्याचा कपडा कॉपी केला, उलटा करून बसवला. बिल्ला तर एका क्लिकचा.

फुफीसाठी तिच्या अब्बांचा वेगळा प्रिंट काढला. तिने तो बघितला आणि माझ्याकडे परत सरकवला.

"एकटा नको, बाबा. वेगळं होऊ नका, हेच सांगून तर अब्बा सगळ्यांशी वाईट झाला."

उद्घाटनाला पाहुण्यांनी आजोबांना एकतेचे पुजारी म्हटलं. टाळ्या पडल्या. फुफी आली नाही. फोटोजवळ जाऊन जाऊन लोक बघत होते, कोणाला काही खटकलं नाही.

या धंद्यातला धडा एवढाच: काम कच्चं असलं की लोक विचारतात, इथे कोण होतं? माझं काम कच्चं नसतं.