अख्खी गाय

माझ्या सगळ्या फिल्म्समध्ये माणसं थेट कॅमेऱ्याकडे बघत उभी असतात. कुठंही एखादी दाखवली की कुणीतरी विचारतंच, ही शैली तुम्हाला कशी सापडली? मी चार जड शब्द फेकतो आणि चहाच्या टेबलाकडे पळतो. खरं कारण सांगायला जीभ रेटत नाही. आज सांगून टाकतो.

एका दुष्काळात नांदूरघाटच्या अलीकडे, आमच्या गावच्या दूध सोसायटीनं जनावरांची छावणी काढली होती. मित्राचा कॅमेरा चार दिवसांसाठी मागून आणून मी तिथं पहिली फिल्म करायला गेलो. डोक्यात सगळं पक्कं होतं. संगीत नाही, मुलाखती नाहीत, आटलेल्या विहिरीत डोकावणारा म्हातारा तर मुळीच नाही. मला वाट बघणं टिपायचं होतं. दावणीची जनावरं, कडबाकुट्टीचा आवाज, पाच-पाच मिनिटं न हलणारा कॅमेरा. गंमत म्हणजे मला स्वतःला दोन मिनिटंही एका जागी बसवत नाही. कॅमेरा तिपाईवर लावायचा आणि मी मागं येरझाऱ्या घालायच्या, असा सगळा कारभार.

अडचण वेगळीच निघाली. छावणीत रोज सकाळी सोसायटीचा माणूस हजेरीचं शूटिंग करायचा. प्रत्येक जनावराच्या कानात नंबराचा बिल्ला. मालकानं दावं धरून उभं राहायचं आणि कान कॅमेऱ्याकडे वळवायचा. ते शूटिंग अनुदानासाठी तालुक्याला जायचं. त्यामुळे मी कुठंही कॅमेरा रोखला की लोक हातातलं काम टाकून ताठ उभे राहत आणि गाईम्हशींचे कान पिरगाळत.

"माझ्याकडं बघू नका, तुमचं काम चालू द्या," मी ओरडून दमलो.

"आवं, पर बिल्ला नीट दिसाय नको का?" उलट तेच मला समजवायचे.

दोन दिवस नुसते कानच कान. कॅमेरा परत द्यायची वेळ जवळ येत होती आणि माझा जीव टांगणीला लागला होता. रागाच्या भरात मी एका शेळीवरसुद्धा खेकसलो.

तिसऱ्या दिवशी दुपारी एकदाचा जमला शॉट. गव्हाणीवर ऊन, मान टाकून बसलेली वासरं, कुणाचंच लक्ष नाही. तेवढ्यात एक मावशी आपली तांबडी गाय ओढत आणून बरोबर मधोमध उभी राहिली.

"लेकरा, सोसायटीच्या शूटिंगीत निस्ता कान येतो. तू अख्खी गाय घे. माझ्या लेकीनं वासरू असल्यापून संभाळलेली हाय. लगीन झाल्यापून तिला येनंच झालं न्हाई. दाखवते तिला."

तिनं पदरानं गाईचे डोळे पुसले, पाठीवरचा कडबा झटकला, डोक्यावर पदर घेतला आणि कॅमेऱ्याकडे बघू लागली. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. असला शॉट माझ्या फिल्ममध्ये बसणार नव्हता आणि बॅटरीही उतरत आली होती. मी कॅमेरा बंद केला आणि बटन दाबल्यासारखं करून उभा राहिलो. गाईनं मान हलवली की मावशी तिला दटावून पुन्हा सरळ करायची.

"घेतली का?"

"घेतली, मावशी."

दुसऱ्या दिवशी सकाळी ती गाय बसली ती उठलीच नाही. डॉक्टर येऊन गेले. कुणीतरी लेकीला फोन केला. दुपारच्या एसटीनं ती आली, तोवर गाय नेऊन पुरली होती. मी सामान आवरत होतो. लेक टँकरच्या नळावर तोंड धूत होती, तेवढ्यात मावशी माझ्याकडे आली.

"काढ बरं कालचं. बघू दे तिला."

मी उगाच पुढं-मागं करत राहिलो. गव्हाणी, वासरं, उन्हाचे पट्टे. एकाहून एक सुंदर, आणि मला त्यांची किळस आली. शेवटी म्हणालो, "मावशी, मी ते घेतलंच नव्हतं. खोटं बोललो."

ती माझ्याकडे बघत राहिली. काल बघत होती तसंच, सरळ. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. लेक ओल्या तोंडानं लगबगीनं जवळ आली, तशी मावशी तिच्याकडे वळली.

"न्हाई दिसत बाई," ती म्हणाली. "मशीन बिघडलं त्याचं."