नाव, वय, काम

आप्पा इचलकरंजीत यंत्रमागावर होते. बारा तासांची पाळी, एक आठवडा दिवसाची, एक आठवडा रात्रीची. आई घरी मागासाठी सुताच्या कांड्या भरायची. मंदी आली की शेठ माग बंद ठेवायचा, आणि त्या आठवड्यांत आमच्या ताटात भाकरी आणि खर्डा, दोन्ही वेळेला. खडखडाटाने आप्पांचे कान चाळिशीच्या आतच गेले. मग घरात सगळेच ओरडून बोलायला लागलो. शेजारीण म्हणायची, "ह्यांच्यात जेवण चाललंय का भांडण, काय कळत न्हाई बाई."

माझ्या पुस्तकांवर कापसाची पिंज बसायची. ती झटकत मी बी.कॉम. झाले. आमच्या घराण्यात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिली. हे मी कुणी विचारलं नाही तरी सांगते. पुढे पुण्यात पत्रकारिता शिकले, तिथल्या इंग्रजी पेपरात राबले, आणि दोन हजार एकमध्ये सिंगापूरच्या एका इंग्रजी पेपरात बातमीदार म्हणून लागले. बेटाच्या पश्चिम टोकाला, तुआसमधले कारखाने आणि गोद्या हा माझा विभाग. राहायला बिशानमध्ये एका मराठी कुटुंबाच्या फ्लॅटमधली खोली. त्या घरचे दादा बँकेत होते. वहिनी कडक, पण मायेची.

सार्सच्या वर्षी मी आजारी पडले. सार्सने नाही. ऑफिसच्या दारात रोज ताप बघायचे आणि शर्टावर एक गोल स्टिकर चिकटवायचे: आज हा माणूस ठणठणीत आहे. माझा ताप रोज नॉर्मल. स्टिकर लावून मी टेबलाशी बसायची आणि बातमीचं पहिलं वाक्य लिहिता येत नाही म्हणून बाथरूममध्ये जाऊन रडायची. अंघोळ नको, जेवण नको. एमआरटीच्या, म्हणजे मेट्रोच्या, फलाटावर मी रुळांपासून लांब, खांबाला पाठ लावून उभी राहायची. का, ते मला माहीत होतं. शेवटी एकटीच डॉक्टरकडे गेले. त्यांनी आजाराचं नाव सांगितलं: डिप्रेशन. गोळ्या सुरू झाल्या. वहिनींना सांगितलं, ॲसिडिटी.

बरं वाटायला वर्ष गेलं. मग माझ्या डोक्यात आलं की तुआसमध्ये ह्याच आजाराने किती माणसं मोडतात ते लिहावं. संपादकबाई सिंगापूरच्याच, चिनी, बोलायला फटकळ. म्हणाल्या, "लिही. पण नाव, वय, काम. तिन्ही नसेल तर माणूस छापायचा नाही." आमच्या पेपराचा तो नियमच होता. बोलणारा मंत्री असो की भाजीवाली, पुढे नाव, वय, काम.

बोलायला सगळे तयार, नाव द्यायला कुणी नाही. एक सुपरवायझर मात्र मनमोकळा. गोदीतल्या कँटीनमध्ये कॉफी ढवळत त्याने मला सगळं सांगितलं. अगदी एक दिवस क्रेनवर चढून तो काय करणार होता, तेसुद्धा. मी विचारलं, "नाव छापू?"

तो हसला. "नेमकं काय विचारायचं ते तुला कसं ठाऊक? तुलाही आहे ना?"

मी वही मिटली.

"तू तुझं छाप. मग मी माझं देतो."

मी संपादकबाईंकडे गेले आणि दार लावून माझ्या आजाराचं सांगितलं. त्यांनी पेनाचं टोपण उघडलं, मिटलं. मग म्हणाल्या, "तुझ्या वर्क पासचं नूतनीकरण कधी आहे?"

"तीन महिन्यांनी."

"एचआरवाले पेपर वाचतात, एवढं लक्षात ठेव."

नोकरी गेली तर पास जातो, पास गेला तर देश सुटतो. हे इथे लहान पोरालाही कळतं. तरी मला भीती वेगळ्याच गोष्टीची होती. आडनाव माझं एकटीचं नव्हतं, घरी धाकटी बहीण लग्नाची होती. म्हणून एका रविवारी दुपारी घरी फोन लावला. घरातला तो फोनही माझ्याच पगारातून घेतलेला. आप्पांनी उचलला.

"आप्पा, मी आजारी होते. डॉक्टरकडे जाते."

"काय? मोठ्यानं बोल."

"डॉक्टरकडे जाते!"

"छातीचं हाय काय? खोकला?" मागावरच्या माणसाला आजार म्हटलं की आधी टीबी आठवतो.

"छातीचं नाही! डोक्याचं! मनाचा आजार! गोळ्या चालू आहेत!"

घरी बोलायची तशीच बोलले मी. मी बिशानच्या फ्लॅटमध्ये आहे, दार उघडं आहे, खालच्या मजल्यावर पुण्याचं कुटुंब राहतं, ह्यातलं काही डोक्यात नव्हतं. वहिनी हातात उलथणं घेऊन बाहेर आल्या तेव्हा भान आलं.

तिकडे आप्पा हळू बोलले. ते हळू बोलत नसत. "कुणाला सांगू नगंस."

"मी पेपरात लिहिणार आहे! नाव घालून!"

"आडनाव बी?"

"हो!"

"म्होरल्या महिन्यात धाकटीला बघाय येणार हायती. तुला ठावं हाय न्हवं?" आणि फोन ठेवला.

वहिनी म्हणाल्या, "ॲसिडिटी का गं ही? अख्ख्या ब्लॉकला सांगितलंस. आता छापायचं काय राहिलंय?" त्यांनी मला पोळ्या लाटायला बसवलं आणि स्वतः खाली गेल्या, पुण्याच्या बाईंचं तोंड बंद करायला. ते काही बंद झालं नाही. पुढच्या रविवारी महाराष्ट्र मंडळात दोघीतिघींनी मला "कसं वाटतंय आता?" असं विचारलं, लहान मुलीला विचारतात तसं.

लेख छापला. माझं नाव, वय एकोणतीस, काम पत्रकार. खाली त्या सुपरवायझरचं नाव. त्याने शब्द पाळला.

धाकटीला बघायला कुणी आलं नाही. इंटरनेटवर आमचं आडनाव शोधणारा कुणी भाचा मुलाच्या घरात होता म्हणे. धाकटीने स्वतः फोन केला. "तुझं झालं मोठेपण, ताई. माझं काय?"  तिचं लग्न पुढे झालं, उशिरा, आणि आम्ही बोलतो, तो विषय सोडून.  आप्पा वर्षभर फोनवर आले नाहीत. "झोपल्यात," आई सांगायची, भर दुपारी.

एचआरने बोलावलं. डॉक्टरांचं पत्र मागितलं, मी दिलं. "काम झेपेल का?" असं विचारलं. मी म्हटलं, गेलं वर्षभर जे झेपलं ते तुमच्याच पेपरात छापलंय, बघा. 

पास मिळाला. पुढे मला आरोग्याचं पान दिलं, आणि मनाचे आजार असलेली माणसं त्या पानावर नाव, वय, काम देऊन बोलू लागली. सगळी नाही, पण बोलू लागली. मी गोळ्या घेत होते आणि पान वेळेवर छपाईला जात होतं.