आईनं निवडलेला प्रश्न

आमच्या नात्यागोत्यात बाईची ओळख गावापासून सुरू होते आणि मामांच्या आडनावापाशी पक्की होते. लग्नात आईशेजारी कुणीही बसावं, आजोळ कुठलं, मामा कोणते, असं विचारावं. आई कौतुकानं सगळं सांगणार. पाचोडच्या बाजारात एका अनोळखी बाईलाही तिनं ते सांगितलेलं मी ऐकलंय.

आणि काही वर्षांपूर्वी पासवर्ड विसरला की कम्प्युटर नेमकं तेच विचारायचा: तुमच्या आईचं माहेरचं आडनाव काय? म्हणजे आईच्या बाबतीत तिच्या मामांचं. कुलूप लावायचं आणि किल्ली गावभर वाटायची, असला तो बंदोबस्त.

व्हायचं तेच झालं. आमच्या सिडकोतल्या घराच्या गच्चीवरच्या झाडांचे फोटो आई तिच्या सोशल मीडियाच्या खात्यावर टाकायची, खाली चार ओळी लिहायची. पैठणच्या, खुलताबादच्या बायका तिला कलमांबद्दल विचारायच्या. एका सकाळी कुणीतरी ते आडनाव टाकून खात्यात शिरलं आणि तिच्या नावानं नातेवाइकांना घाणेरडे मेसेज गेले. बऱ्याच खटपटीनंतर खातं परत मिळालं, पण बाबांनी धोशा लावला, बंद कर ते. मीही त्यांचीच री ओढली.

आई बधली नाही. तिनं एकेका नातेवाइकाला स्वतः फोन करून सांगितलं, ते मी लिहिलेलं नव्हतं. आमची तर हिंमतच झाली नसती. मग तिनं मला कम्प्युटरसमोर बसवलं. खोटं आडनाव टाक, असं मी सुचवल्यावर मात्र ती भडकली. मामांचं आडनाव ती बदलणार नव्हती, आणि खातंही सोडणार नव्हती.

"तेवढी एकच जागा माझ्या नावाची हाय," ती म्हणाली. "बाकी सगळीकडं मी कुणाची तरी सून, नाय तर कुणाची तरी आई."

स्वतःचा प्रश्न लिहायचीही सोय होती. तिनं मला उठवलं, तोंड फिरवायला लावलं आणि एकेक अक्षर शोधत प्रश्न लिहिला, उत्तर लिहिलं. विसरलीस तर काय, मी विचारलं.

"नाय विसरणार. लहानपणी मला काय व्हायचं होतं, ते टाकलंय. आजवर कुणी विचारलंच नाय, मग चोराला कुठून कळणार?"

खातं अजून सुरू आहे. आता त्या प्रश्नाच्या जोडीला मोबाइलवर कोडही येतो, तो ती बाबांनासुद्धा दाखवत नाही. मला तिचा फार अभिमान वाटतो. परवा ती झाडांना पाणी घालत असताना मी न राहवून विचारलंच, काय व्हायचं होतं गं तुला?

ती हसली. "आता सांगितलं तर खातं जाईल," म्हणाली आणि पुढच्या कुंडीकडं वळली.